बाबा प्रिय

४ फेब्रुवारी

ही डायरी खरं तर माझी नाही. एका विमावाल्या साहेबांनी मुखपृष्ठावर सोनेरी अक्षरांत नाव छापून मागितली होती. त्यात मी एक वेलांटी चुकवली आणि त्यांनी ती घ्यायला साफ नकार दिला. कोरी डायरी टाकवत नाही, म्हणून लिहायला बसलो. वर भलत्याच माणसाचं नाव आणि आत माझं पाल्हाळ, असा मामला आहे.

निमित्त मात्र झकास आहे. सुनेचा आठवा महिना संपत आला. आज जेवताना मुलगा म्हणाला, "बाबा, जन्मभर लोकांची नावं खोदलीत. आता घरचं एक शोधा. मुलाचं एक, मुलीचं एक. फक्त दोन्ही भाषांत चाललं पाहिजे." सून दुसऱ्या देशातली, दुसऱ्या भाषेतली. लग्नाला दोन वर्षं झाली, मराठी बरीच शिकली आहे, पण तिच्या मराठीला अजून घाई असते. ती म्हणाली, "हो सासरे. दोन्ही कान खूश पाहिजे."

मला ती 'सासरे' म्हणते. "सासरे, चहा." "सासरे, चष्मा डोक्यावर." नात्याचं नाव बरोबर शिकली, हाक मारायला ते वापरत नाहीत हे तिला कोणी सांगितलं नसावं. मी दोन वर्षं वाट पाहतोय की कधीतरी बाबा म्हणेल. स्वतः कसं सांगायचं? मागून घेतलेली हाक ती काय हाक.

खाली माझं दुकान आहे. दारावरच्या पाट्या, रबरी शिक्के, छातीवर लावायचे बिल्ले. नाव बरोबर खोदलं गेलं की नाही एवढंच आजवर पाहत आलो. त्याचा अर्थ काय, हे एकाही गिऱ्हाइकाला विचारलं नाही. आज अचानक याचं नवल वाटलं.

७ फेब्रुवारी

पहिला प्रयत्न सपशेल फसला. मी मोठ्या ऐटीत म्हणालो, "सुकन्या." चांगली मुलगी, अर्थ कसा सरळ. सून कानापर्यंत लाल झाली आणि स्वयंपाकघरात निघून गेली. मुलगा हळूच म्हणाला, "बाबा, पहिली दोन अक्षरं म्हणजे तिच्या भाषेत शिवी आहे. कुठली ते विचारू नका."

मग तिची पाळी. मुलगा झाला तर मिशा, म्हणाली. तिकडे लाडाने ठेवतात. मी माझ्या मिशांवरून हात फिरवला. मुलगा हसून हसून खुर्चीतून पडायचा बाकी होता. मुलगी झाली तर दशा. मी म्हटलं, पोरीची आधीच कशाला दशा करायची? मग म्हणाली, माशा. यावर मुलाने टेबलावरचं ताट झाकून ठेवलं. तिला कळेना की आम्हाला झालंय काय. समजावून सांगितल्यावर इतकी हसली की पोट धरून बसावं लागलं, आणि आत पोर लाथा मारतंय म्हणाली.

फार दिवसांनी घरात इतकं हसू झालं. माझी ही गेल्यापासून जेवणाचं टेबल म्हणजे नुसतं जेवणाचं टेबल झालं होतं.

११ फेब्रुवारी

आता मला नाद लागलाय. दुकानात जो येईल त्याला विचारतो, तुमच्या नावाचा अर्थ काय हो? अर्ध्यांना ठाऊक नसतो. उरलेल्यांना विचारल्याचा इतका आनंद होतो की पाटी न्यायची विसरून गप्पा मारत बसतात.

दातांच्या डॉक्टरीणबाई पितळी पाटी न्यायला आल्या. त्यांच्या नावाचा अर्थ मधमाशी, ग्रीक आहे म्हणाल्या. दातांची डॉक्टर आणि मधमाशी! मी म्हटलं, म्हणजे आधी मध द्यायचा आणि मग दात काढायचे. त्या मनापासून हसल्या. कपाटं-फ्रिज उचलून नेणारा हमालांचा मुकादम आला, दारातून आडवा होऊन आत यावं लागतं असा गडी. त्याच्या नावाचा लॅटिनमध्ये अर्थ 'लहान'. जन्मला तेव्हा होतो ना लहान, म्हणाला.

समोरच्या इमारतीत भाषा शिकवणाऱ्या बाई राहतात. त्यांना शाळेच्या कपाटांसाठी छोट्या पाट्या हव्या होत्या. त्यांच्या आजीच्या नावाचा अर्थ ऐकून मी थक्क झालो. जुन्या ग्रीक लोकांना परक्यांचं बोलणं कळायचं नाही, नुसतं 'बर बर' ऐकू यायचं. त्यावरून परक्याला शब्द पडला आणि त्याचंच पुढे मुलीचं नाव झालं. जिचं बोलणं कळत नाही ती. आणि सुनेचा तो मिशा? त्याचं मूळ नाव हिब्रू आणि ते चक्क एक प्रश्न आहे: देवासारखा कोण? माणसाला प्रश्नाने हाक मारायची आणि त्याने ओ द्यायची. मला हे फार आवडलं.

१३ फेब्रुवारी

मुलगा आज दुकानात आला आणि उगाच शिक्के इकडचे तिकडे करत उभा राहिला. लहानपणी प्रगतिपुस्तक दाखवायच्या आधी असंच करायचा.

सुनेच्या गावी त्याला नोकरी चालून आली आहे. इथे करतो तोच लिफ्टचा उद्योग, पण वरची जागा. मार्चअखेर उत्तर द्यायचं. "अजून काही ठरलं नाही बाबा. बाळ झाल्यावर बघू." मी म्हणालो, "बघा की. संधी चांगली आहे." माझा आवाज मलाच शिक्का मारल्यासारखा वाटला.

इथे खोटं कशाला लिहू? ते गेले तर मी आणि खोदायचं मशीन. नातवंड तिकडे वाढणार, तिकडचं बोलणार. वर्षाने भेटलो तर माझ्याकडे पाहून आईच्या मागे लपेल. मी शोधलेलं नाव घेऊन ते फिरेल आणि मी कोण हे त्याला कळणार नाही. मला त्याच्या तोंडून हाक ऐकायची आहे. बाकी काही नको.

१६ फेब्रुवारी

आज जे ऐकलं ते लगेच लिहून ठेवतोय.

सून मधल्या खोलीत नवे पडदे लावत होती. बाळासाठी आतापासून एवढी तयारी. पलंगसुद्धा मोठा आणून टाकलाय, हौसेला मोल नाही. मी चष्मा शोधत दाराशी गेलो. ती एक हात पोटावर ठेवून बाळाशी तिच्या भाषेत बोलत होती, अगदी गाण्यासारखं. आणि त्यात स्पष्ट ऐकलं: "बाबा प्रिय..." पुढे काहीतरी 'देत' असं होतं. परत म्हणाली, "बाबा प्रियेदेत." तीनदा तरी म्हणाली असेल.

मी तसाच मागे सरकलो. समोर सासरे, आणि पाठीमागे बाबा! दोन वर्षं पोरगी लाजत होती म्हणायची.

१८ फेब्रुवारी

अर्थात मी हुरळून जाणारा माणूस नाही. खात्री करून घेतली. भाषावाल्या बाईंना विचारलं की आपली आणि सुनेची भाषा यांत काही सारखं सापडतं का. त्या म्हणाल्या, भरपूर. तिकडचा सासऱ्याचा शब्द आणि आपला श्वशुर एकाच मुळातले. त्यांचा उजेड आणि आपलं श्वेत, तेही. "आणि प्रिय?" मी सहज विचारल्यासारखं विचारलं. "त्याचेही भाऊबंद आहेत तिकडे. मित्राला जो शब्द आहे, तो त्यातलाच."

बस. याहून काय पुरावा हवा?

काल फोनवर ती तिच्या आईशी बोलत होती, त्यातही दोनदा बाबा आलं. आवाज असा की कोणाची तरी समजूत घालतेय. बहुतेक आईला सांगत असेल, बाबांना टाकून कशी येऊ. आई तिकडे एकटी असते, तिला वाईट वाटणारच. मला तिची दया आली.

श्वेता नाव सुचवलं ते मात्र पडलं. उजेड तिकडे, शुभ्र इकडे, मी अगदी जिंकल्याच्या थाटात सांगितलं. सून म्हणाली, "सासरे, आमच्याकडे प्रत्येक दुकानात एक श्वेता बसते. पन्नास वर्षांची. रागावते." काही हरकत नाही. आज मला कशाचंच वाईट वाटत नाही.

२३ फेब्रुवारी

गावभर पाट्या केल्या, पण घरात माझ्या खोलीवर कधी पाटी लागली नाही. ही नेहमी चिडवायची. आज उरलेल्या पितळेची एक छोटी पाटी खोदली. नुसतं 'बाबा'. अक्षरं जरा गोलसर, काळा रंग भरला, कडेला बारीक वेल. उद्या लावीन. सून बघेल आणि समजायचं ते समजेल.

२४ फेब्रुवारी

पाटी टेबलावर ठेवून आंघोळीला गेलो होतो. बाहेर आलो तर सून ती हातात घेऊन उभी. एकेक अक्षर जोडून वाचते ती. "बा. बा." मग तिचे डोळे भरले. माझ्या गळ्यात पडली. पोट मध्ये असल्यामुळे अर्धवटच, पण पडली. "सासरे," म्हणाली, "तू किती चांगला आहे. तुला कसं कळलं?" मी म्हणालो, "कळतं ग पोरी."

मग तिने हातोडी घेतली आणि ती पाटी मधल्या खोलीच्या दारावर ठोकली.

मी म्हटलं, "अग, माझी खोली ही." ती हसली. "पण बाबा इथे झोपणार. बुधवारी येणार ना बाबा."

मुलगा ब्रश तोंडात धरून बाहेर आला होता. त्याने पाटी पाहिली, मग माझ्याकडे पाहिलं. त्याला सगळं कळलं असावं. ब्रश काढून म्हणाला, "बाबा, तिच्याकडे आजीला बाबा म्हणतात. बाबा प्रियेदेत, म्हणजे आजी येणार. रोज बाळाला सांगते ती." सून म्हणाली, "म्हणून मी तुला बाबा म्हणत नाही. मिशीवाल्या माणसाला आजी कशी म्हणू?"

मी हसलो. चांगला मोठ्याने हसलो.

२५ फेब्रुवारी

लिहिण्यासारखं काही नाही.

२८ फेब्रुवारी

विहीणबाई आल्या. उंच, सडपातळ, केस मुलासारखे कापलेले. आयुष्यभर लोकांच्या घरी जाऊन पियानो सुरात लावायचं काम केलं. नवरा गेल्याला बरीच वर्षं झाली. दारातच माझा हात दोन्ही हातांत धरला आणि जोरात म्हणाल्या, "राडा! राडा!" मी दचकलो. आल्या आल्या राडा? सून म्हणाली, "राडा नाही, रादा. म्हणजे आनंद झाला."

पाटीवरून त्यांनी बोट फिरवलं. आपली अक्षरं त्यांना येत नाहीत, पण सुनेने सांगितलं असणार, कारण वळून माझ्याकडे पाहिलं आणि छातीवर हात ठेवला. मला ओशाळल्यासारखं झालं. त्या बाईचा यात काय दोष?

संध्याकाळी मी बाळाच्या भावी नातेवाइकांचा हिशेब मांडला. हे पोर आईला मामा म्हणणार. म्हणजे आपल्याकडे आईचा भाऊ. आजीला बाबा म्हणणार. आणि आजोबाला तिकडे शब्द आहे देदा, म्हणजे इकडे जवळपास दादा, थोरला भाऊ. अख्खं घराणं उलटंपालटं. भाषावाल्या बाई म्हणतात, एका भाषेत तर चक्क बापालाच मामा म्हणतात. पोरं ओठ मिटून उघडतात आणि जो आवाज निघेल तो निघतो. समोर जो असतो तो आपल्यालाच हाक मारली असं समजतो. हे त्यांनी गंमत म्हणून सांगितलं, पण मला काही गंमत वाटली नाही.

६ मार्च

विहीणबाई दुकानात येऊन बसतात. आमच्यात एक शब्द सामाईक नाही. आज मशीन चालू असताना एकदम बोट वर करून थांबायची खूण केली आणि कान तिरका केला. मी मशीन उघडलं तर पट्टा सैल झालेला. नंतर आम्ही दोघांनी मिळून तो बसवला. त्या खूश, मीही.

मग त्यांनी स्वतःच्या छातीवर बोट ठेवून नाव सांगितलं आणि दोन्ही हातांनी काहीतरी उमलल्यासारखं केलं. फूल असावं. मी माझं नाव सांगितलं, पण अर्थ हातांनी दाखवता येईना. डोंगर दाखवायला गेलो तर त्यांना मी लठ्ठ माणूस म्हणतोय असं वाटलं.

१५ मार्च

मुलगी झाली. दोघीही छान आहेत. इवलीशी मूठ, आणि आवाज मात्र भोंग्यासारखा.

विहीणबाईंनी तिला उचललं आणि त्यांचं सुरू झालं, "रादा, रादा, रादा." डोळ्यांतून पाणी वाहतंय आणि तोंडाने रादा. मुलगा हसत म्हणाला, "ऐकलंत का? राधाच म्हणतायत." सून उशीवरून म्हणाली, "मग राधा." झालं. एका मिनिटात ठरलं.

मी दीड महिना गावाला अर्थ विचारत फिरलो आणि नाव शेवटी बाबाने ठेवलं. तिकडच्या बाबाने. भाषावाल्या बाईंना विचारलं, राधा म्हणजे यश, समृद्धी. त्या रादाशी याचं काही नातं आहे की नुसता योगायोग, ते त्यांनाही सांगता आलं नाही. नाव चांगलं आहे, यात वाद नाही. दोन्ही कान खूश आहेत. मीच तेवढा थोडा नाखूश आहे, आणि ते फक्त या डायरीला माहीत आहे.

२२ मार्च

आज एक गोष्ट लक्षात आली आणि दिवसभर डोक्यातून जात नाहीये.

मुलगा स्वयंपाकघरातून ओरडला, "बाबा, चहा!" मी पेपर घडी करेपर्यंत विहीणबाई उठून गेल्या होत्या आणि माझा कप घेऊन आल्या. आनंदाने पीत बसल्या. मग आठवलं, हे रोजच होतंय. "बाबा, गोळी घेतलीत?" की या मान डोलावतात. "बाबा, जरा राधाला बघा," की या धावतात. मला वाटायचं, बाई हौशी आहे. पण नाही. त्यांना वाटतंय की जावई त्यांना हाक मारतोय. नातीच्या वतीने, प्रेमाने, आजी म्हणून.

जेवताना मुलगा बायकोशी मराठीत बोलत होता. "बाबांना एकटं टाकून जायचं माझ्या जिवावर येतंय." मी मान खाली घातली. सहज समोर पाहिलं तर विहीणबाईंचा चेहरा असा उजळला होता की काय सांगू. त्या वाक्यातला एकच शब्द त्यांना कळला होता. त्यांना वाटलं, हा आपल्याबद्दल बोलतोय. आपल्याकडे यायचं म्हणतोय.

तो चेहरा मला ओळखीचा वाटला. सोळा फेब्रुवारीला मधल्या खोलीच्या दाराशी मी तसाच उभा असणार.

मी त्यांना काही सांगितलं नाही. सुनेलाही सांगू दिलं नाही. त्या तिकडे तिसऱ्या मजल्यावर एकट्या राहतात, आणि लोक आता पियानो ठेवत नाहीत म्हणे. माझ्या दुकानात निदान चार माणसं येतात.

२७ मार्च

ठरवलं. विचारलं तर 'जा' म्हणायचं. नीट म्हणायचं, तोंड पाडून नाही. सकाळी दाढी करताना आरशात दोनदा म्हणून पाहिलं. पहिल्यांदा जमलं नाही.

२९ मार्च

सकाळी चहाला सगळे बसलो होतो. राधा सुनेच्या मांडीवर झोपलेली. मुलगा म्हणाला, "उद्या कळवायचंय. बाबा, शेवटचं विचारतो. आम्ही जावं की राहावं? तुम्ही म्हणाल ते."

सुनेने सवयीने ते आईला भाषांतर करून सांगितलं. मी कप खाली ठेवला आणि म्हणालो, "जा." चांगलं जमलं.

त्याच वेळी विहीणबाईंनीही एक शब्द उच्चारला. सून त्यांच्याकडे बघतच राहिली.

"काय म्हणाल्या?" मुलाने विचारलं.

"राहा म्हणाली."

"हे बघा, आधी दोघांनी ठरवून या," मुलगा म्हणाला, पण त्याचा आवाज काही ठिकाणावर नव्हता.

सुनेने आईला काहीतरी विचारलं. विहीणबाई बराच वेळ बोलल्या. खाली दुकानाकडे बोट दाखवलं, रस्त्याकडे दाखवलं, माझ्याकडे दाखवलं. मधून मधून राधा ऐकू आलं. सून सांगू लागली, "आई म्हणते, तिकडे हाक मारायला ती एकटी. इथे सासरे आहेत, समोरची बाई आहे, दातवाली आहे, तो मोठा माणूस आहे कपाटं नेणारा. काल सगळे दुकानात येऊन राधा राधा करत होते. आई म्हणते, नाव ठेवलं तर हाक मारायला माणसं पाहिजेत. ती म्हणते, मी जाते परत. तुम्ही राहा."

मी सुनेला म्हणालो, "त्यांना सांग, मी जा म्हणालो ते त्यांच्यासाठी म्हणालो. त्या एकट्या आहेत म्हणून."

सुनेने आधी बाहीने नाक पुसलं, मग सांगितलं. विहीणबाई माझ्याकडे पाहत राहिल्या. मी बशीकडे पाहत राहिलो. इतक्या वयाच्या माणसांनी सकाळी सकाळी असं बसणं काही बरं दिसत नाही.

"परत कशाला जातायत?" मी शेवटी म्हणालो. "मधली खोली आहे ना? सांग त्यांना. बाबाने इथेच राहायचं."

"कोण बाबा?" सुनेने विचारलं.

"दोन्ही," म्हणालो, आणि उरलेला चहा पिऊन दुकान उघडायला खाली आलो.